पडद्यावरच्या पोस्टमनला पाणी

"बाबा, खरं सांगा, वेडावर असा सिनेमा आजवर कुणी केला असेल का?"

अंगणात पडदा ताणून बांधता बांधता सारंगने विचारलं.

कासमबाबा फकीर चुलीवरचा चहा ढवळत होते. "मला काय ठाऊक, बेटा? लाव तू."

ऐन उमेदीत सारंगचं डोकं फिरलं होतं. घरच्यांनी हात टेकले, तेव्हा टेकडीवरच्या या तकियात, आपल्या फकिरी मठीत, बाबांनी त्याला ठेवून घेतलं. इथल्या भरकटलेल्या माणसांत राहून तो बरा झाला. आता शहरात त्याच्या सिनेमाचा बोलबाला होता. त्याचा एक खेळ बाबांसाठी करावा, म्हणून तो आला होता.

दिवेलागणीला तकियातली सगळी माणसं पडद्यासमोर बसली आणि सिनेमा सुरू झाला.

एका गावात मेलेली माणसं परत येतात, रेशनच्या रांगेत उभी राहतात. गावाला त्यात काहीच वावगं वाटत नाही. "अहो, हे मेलेत!" असं एकटा पोस्टमन ओरडतो. गाव त्यालाच वेडा ठरवतं आणि हसत हसत दगड मारतं.

शहरात या जागी लोकांची हसून मुरकुंडी वळली होती.

इथं कुणीच हसलं नाही...

त्यांच्यातली हौसाबाई उठली. वेडाच्या दिवसांत सारंग अन्नाला शिवत नव्हता, तेव्हा त्याला घास भरवणारी हीच. तिने माठातून पेला भरला, पडद्यापाशी गेली आणि पोस्टमनच्या तोंडाशी धरला. सिनेमातले दगड तिच्या पांढऱ्या केसांवरून सरकत होते.

"अगं मावशी, खोटा आहे तो!" सारंग हसत तिला बाजूला घ्यायला धावला.

ती वळली. आता दगड त्याच्याही सदऱ्यावर पडत होते.

तिने त्याच्याकडे नीट पाहिलं... आणि पेला त्याच्या ओठांना लावला.

तहान नव्हती, तरी तो घटाघट प्यायला. ज्या मारावर त्याने शहरभर हशा वसूल केला होता, तो आज पहिल्यांदा त्याला लागला.

सिनेमा तसाच चालू ठेवून तो बाबांपाशी आला आणि त्यांच्या पायांवर कोसळला.

"बाबा... मी शहाणा झालो असं वाटलं होतं. तुमचे उपकार कसे फेडू?"



बाबांनी हलकेच पाय मागे घेतले.

"पाय सोड, बेटा. तिचा पेला रिकामा झालाय."