अर्ध्यावर मिटलेली पोथी

एका राज्यात, जिथली झाडं सावली देण्याआधी वाटसरूचं नाव विचारीत, ताडपत्रांची एक पोथी होती. राजघराण्याच्या मूळ पुरुषाला ती एका मांत्रिकाने लिहून दिली होती. तिच्यातलं वाचावं आणि ते घडावं, असा तिचा महिमा. दर वर्षी राजाने भर दरबारात एक अध्याय वाचायचा, आणि उघडलेला अध्याय कधी अर्ध्यावर सोडायचा नाही. घराला आग लागली तरी आधी अध्याय संपवायचा, मग पाण्याला धावायचं.

राजा धृतवर्मा मोठा शूर, वाघाच्या जबड्यात हात घालणारा. पण एका वर्षी वाचता वाचता तो पानाच्या तळाशी आला, तर तिथे लिहिलं होतं, 'अध्यायाच्या अखेरीस राजाचे काय झाले, ते आता ऐका.' राजा मनात म्हणाला, वाघ परवडला, पण पुढचं पान नको! त्याने पोथी मिटली, अध्यायाची उरलेली तीन पानं दोरीतून ओढून काढली आणि सज्जातून वाऱ्यावर भिरकावली.

त्या क्षणापासून राज्यात सगळं अर्ध्यावर अडलं. दुधाचं दही होईना. भाकरी एका अंगाने भाजे, दुसऱ्या अंगाने कच्चीच राही. लग्नमंडपात अंतरपाट खाली येईना. नवरानवरी हार घेऊन ताटकळलेली. वऱ्हाडी कंटाळून पंगतीला बसले, तर भातही अर्धाकच्चाच. आणि राजाची थोरली लेक रत्नावळ माहेरी बाळंतपणाला आली होती, तिच्या कळा सुरू झाल्या त्या सरेनात. मूल काही जन्मेना.

"शाल्मले, आता सोसवत नाही गं," ती धाकट्या बहिणीला म्हणाली.

शाल्मली उशाजवळून उठली ती थेट बापापुढे उभी राहिली. "महाराज, पानं शोधून आणते. मग तरी अध्याय संपेल?"

"आण. पण वाचायचं तू," राजा म्हणाला. "मी कानांत बोटं घालून बसेन."

"वाचीन," ती म्हणाली, आणि निघाली.

रानात उंबराच्या ढोलीत धनेश पक्ष्याची मादी अंड्यांवर बसली होती. त्यांची रीतच अशी, की मादी स्वतःला ढोलीत लिंपून घेते आणि नर फटीतून घास भरवतो. पहिलं पान त्या लिंपणात रुतलं होतं. धनेश म्हणाला, "राजकन्ये, अंडी फुटत नाहीत, भरवून भरवून मी थकलो. मला झोपू दे, तोवर तू भरव." शाल्मली झाडावर चढली. हात सोलवटले तरी उंबरं तोडून भरवत राहिली. झोपही अर्धीच होते म्हणून पठ्ठ्या दुप्पट झोपला. उठल्यावर मात्र त्याने चोचीने लिंपण उकरून पान तिच्या हाती दिलं.

दुसरं पान भुयारातल्या शापित खजिन्यावर पडलं होतं. भोवती सोन्याचे पुतळे उभे होते. सोन्याला हात लावणारा सोन्याचा होऊन जाई. राखणदार नाग म्हणाला, "पान ने. बहिणीसाठी एखादं कंकणही ने."

"नागराज, माझ्या बहिणीला बाळ हवंय, कंकण नको."

"शहाणी आहेस," म्हणत नागाने वेटोळं सैल केलं, आणि ती पान घेऊन बाहेर आली.

तिसरं पान चेटकीण काळिंदेच्या झोपडीत होतं. "आधी मनातल्या मनात वाच," ती म्हणाली. शाल्मलीने वाचलं. अखेरीस लिहिलं होतं, 'राजा नातवंडाचे रडणे ऐकतो, आणि त्याच श्वासासरशी प्राण सोडतो.' शाल्मलीने ती ओळ पुन्हा वाचली. भित्रा असो की शूर, बाप होता तो तिचा, आणि तिचा त्याच्यावर फार जीव होता.

"फाडून टाक हवं तर," चेटकीण म्हणाली.

शाल्मलीने डोळे पुसले. "बहीण तिकडे तळमळते आहे. मी हे वाचीन."

"तू? ज्याने अध्याय अर्ध्यावर टाकला, त्यानेच तो पुरा करायचा असतो. बापाने सांगितलं नाही वाटतं! तुला माया येईल आणि तू मध्ये पडशील. म्हणून अध्याय संपेतोवर तुझा आवाज माझ्याकडे तारण."

शाल्मलीने मान डोलावली. आवाज गेला.

दरबारात तिने तिन्ही पानं पोथीवर ठेवली. "वाच ना," राजा म्हणाला. तिने तोंड उघडलं, शब्द फुटला नाही. राजा काय ते समजला. नेम त्याला पहिल्यापासून ठाऊक होता.

"शेवटी काय आहे पोरी? बरं की वाईट?"

तिला खोटं हसता आलं असतं. ती हसली नाही. आतल्या दालनातून रत्नावळची किंकाळी आली.

"माझ्या भित्रेपणाचं दुखणं ती सोसते आहे," राजा म्हणाला. त्याने हात धुतले, कपाळी गंध लावलं आणि वाचायला घेतलं. आधी आवाज कापत होता, मग भरत गेला. शेवटच्या पानावर तो थांबला. "जवळ बस," तो म्हणाला. शाल्मलीने त्याचा हात घट्ट धरला. आणि धृतवर्म्याने अखेरची ओळ अखेरच्या अक्षरापर्यंत वाचली.

आत बाळ रडलं. "मुलगी हो, मुलगी!" सुईण ओरडली. राजा हसला, आणि हसता हसताच गेला.

त्याच क्षणी शाल्मलीचा आवाज परत आला. "बाबा!" तिने हंबरडा फोडला. एकाच वाड्यात दोघी रडत होत्या, एक जगात आली म्हणून, एक बाप गेला म्हणून. तिकडे मंडपात अंतरपाट खाली आला, विरजण लागलं, ढोलीत अंडी तडकली.

पुढच्या वर्षी राणी शाल्मलीने पोथी उघडली. रत्नावळची पोर मांडीवर पाय झाडत होती. पानाच्या तळाशी लिहिलं होतं, 'अध्यायाच्या अखेरीस राणीचे काय झाले, ते आता ऐका.' शाल्मलीने पोरीला नीट सावरून घेतलं आणि पान उलटलं.

तिचा अध्याय पुरा झाला, तसे तुमचे आमचेही होवोत.