ताबा आणि ताप

आबासाहेब सरनोबत सहकारी बँकेचे अध्यक्ष. घटस्फोटाच्या वेळी त्यांनी नामांकित वकील लावून लेकीचा, इराचा ताबा मिळवला. पुढे इराला वरचेवर ताप येऊ लागला, तरी त्यांनी तिला डॉक्टरकडे नेलं नाही. शेवटी तिच्या आईने, हेमांगीने न्यायालयात अर्ज केला.

सुनावणीत सरनोबत ऐटीत म्हणाले, "साहेब, माझ्यामागे शंभर कामं. मुलांची आजारपणं आईनेच बघायची असतात."

न्यायाधीशांनी हेमांगीकडे पाहिलं. ती शांतपणे म्हणाली, "मी आनंदाने बघेन. फक्त यांना एवढंच विचारा. मुलीचा ताबा यांचा, मग तिचा ताप कुणाचा?"

कोर्टात हशा पिकला. न्यायाधीश मात्र हसले नाहीत. "ताबा ज्याच्याकडे, औषधपाण्याची जबाबदारीही त्याच्यावरच," ते म्हणाले.

सरनोबत काही बोलणार, तोच त्यांचं लक्ष बाकावर पेंगणाऱ्या इराकडे गेलं. त्यांनी जवळ जाऊन तिच्या कपाळावर हात ठेवला. कपाळ चटका बसावा इतकं गरम होतं. त्यांची मान खाली गेली.

"हेमांगी," ते कसंबसं म्हणाले, "हिचे डॉक्टर कोण, तेही मला ठाऊक नाही. बरोबर येतेस?"