शुद्धीवर होतास का?

एक होतं जंगल. त्या जंगलात लोकशाही होती. म्हणजे राजा होता, पण तो निवडून यायचा, आणि दर वेळी तोच निवडून यायचा, त्यामुळे प्रजेला नवा चेहरा लक्षात ठेवायचा त्रास नव्हता. राजा होता अस्वल. तो बराचसा झोपलेला असे. प्रजेची त्याबद्दल तक्रार नव्हती, कारण जागा झाला की तो काहीतरी जाहीर करायचा.

या जंगलात खवलोबा नावाचं एक खवल्या मांजर वैद्यकी करत असे. हाताला गुण होता, जिभेवर गोडवा होता, आणि शरीराचे वैद्य गल्लोगल्ली असले तरी मनाचा वैद्य जंगलात हा एकच. खोड म्हणाल तर एकच होती. भीती वाटली की खवलोबा अंगाची गुंडाळी करून चेंडू होऊन बसत. वाघाच्या डरकाळीला ते असे घाबरत नसत. सरकारी शिपाई दिसला की मात्र गुंडाळलेच म्हणून समजा. बायको दारातून ओरडायची, "अहो, उलगडा! लग्नाचं आमंत्रण द्यायला आलाय तो!"

तरी या भित्र्या वैद्याने एक मोठं काम करून ठेवलं होतं. झऱ्याकाठी एक थंडगार गुहा होती. मनाने आजारी पडलेल्या जनावरांसाठी तिथे त्यांनी विश्रांतिगुहा उघडली होती. सावली, पाण्याचा आवाज, वेळेवर औषध आणि थोडा मध. कायदाही करून घेतला होता : आजारामुळे आपण काय करतो याचं भान ज्याला उरलेलं नाही, त्याला शिक्षा नाही, त्याला गुहेत ठेवून बरं करावं. हा मसुदा राजापुढे ठेवला तेव्हा राजाने झोपेत कूस बदलली. तीच मंजुरी धरण्यात आली.

खवलोबांच्या रोग्यांत सदोबा नावाचा एक गवा होता. अंगाने डोंगराएवढा आणि स्वभावाने इतका गरीब, की पायाखाली मुंगी आली तर दिवसभर हळहळायचा. गेली काही वर्षं त्याला आवाज ऐकू येत. कधी दगड बोलायचा, कधी वारुळ. औषधाने आवाज मंदावत, पण यंदा पावसाळ्यात एक नवा आवाज सुरू झाला आणि तो काही केल्या थांबेना. सरकारी धान्यकोठार त्याला हाका मारू लागलं.

"काय म्हणतं रे ते?" खवलोबांनी विचारलं.

"रडतं हो, वैद्यबुवा. म्हणतं, सदोबा, मी उपाशी आहे. माझ्या पोटात काही नाही."

खवलोबांनी औषध वाढवलं. दुष्काळासाठी साऱ्या जंगलाने आपल्या तोंडचा घास काढून वरी-नाचणीने भरलेलं ते कोठार. ते उपाशी कसं असेल? एका दुपारी सदोबाला ते रडणं असह्य झालं. त्याने जाऊन कोठाराच्या दाराला धडक दिली. दार आडवं झालं. गर्दी जमली, सगळ्यांनी आत डोकावलं. आत एक उंदीर होता आणि तोही चक्कर येऊन पडला होता.

कोठारमंत्री होते रानडुक्कर वराहराव. ते घटनास्थळी धावत आले आणि धापा टाकतच त्यांनी निवेदन केलं : "या गव्याने सगळं धान्य खाल्लं!"

"आत्ता?" एका सशाने विचारलं. "दार तर आत्ता तुटलं."

"मोठं जनावर आहे. मोठे घास घेत असणार," वराहराव म्हणाले. सशाचं पूर्ण नाव विचारून घेण्यात आलं, तेव्हा सशाला आणखी काही विचारायचं राहिलं नाही.

वडाखाली खटला उभा राहिला. न्यायमूर्ती कासव होते. अवघड प्रश्न आला की ते पाठीत डोकं घेत. त्याला 'निकाल राखून ठेवला' असं म्हणत. सरकारी वकील कोल्हा. दोषी ठरला तर सदोबाला खडकाच्या कोंडीत टाकणार होते. चहूबाजूंनी उंच कातळ, वर तापलेलं आभाळ, सोबतीला कुणी नाही. ज्याला आधीच दगडांचे आवाज येतात, त्याला दगडांत कोंडलं तर काय होईल हे खवलोबांना पक्कं माहीत होतं. त्यांना रात्रंदिवस तीच एक काळजी लागली : पोर कोंडीत जाता कामा नये, गुहेत आलं पाहिजे.

"हा आजारी आहे," ते न्यायालयात म्हणाले. "मी वर्षानुवर्षं उपचार करतोय. कायद्याने याला शिक्षा होऊ शकत नाही."

"आजारी आहे हे ठरवायचं कसं?" कोल्ह्याने विचारलं.

मला विचारा, असं खवलोबांच्या अगदी ओठांवर आलं होतं. पण तेवढ्यात शिपाई कोळसुंद्याने, त्या रानकुत्र्याने, त्यांच्याकडे वळून पाहिलं. वैद्यबुवांचं शेपूट आपोआप पोटाशी आलं, मान आत वळली, आणि त्या अर्ध्या चेंडूतून भलतंच वाक्य बाहेर पडलं : "आपली... आपली मोहाची चाल आहेच की."

मोहाची चाल जुनी होती. मोहाची फुलं खाऊन जनावरं झिंगत, कुणाचं घरटं पाडत, कुणाच्या बिळात शिरत. दुसऱ्या दिवशी पंच विचारत, "काल शुद्धीवर होतास का?" जनावर मान खाली घालून म्हणे, "नव्हतो." मग मोडलं ते नीट करून द्यायचं आणि प्रकरण मिटायचं. ही सगळी चाल लाजेवर उभी होती. लाज शाबूत होती तोवर ती उत्तम चालली.

न्यायमूर्तींना सूचना फार आवडली, कारण तिच्यात विचार करावा लागत नव्हता. त्यांनी सदोबाला विचारलं, "दार तोडलंस तेव्हा शुद्धीवर होतास का?"

"होतो की," सदोबा नम्रपणे म्हणाला. "मी ठणठणीत आहे, महाराज. तब्येत कोठाराची बिघडलीय. त्याला कुणीतरी बघा."

"आरोपी शुद्धीवर होता," न्यायमूर्ती म्हणाले. "कोंडी."

"अहो, हाच तर आजार आहे!" खवलोबा कळवळून ओरडले. "असा रोगी स्वतःला रोगी म्हणत नाही!" पण तोवर न्यायमूर्तींनी डोकं आत घेतलं होतं आणि कवचाशी वाद घालून उपयोग नसतो.

सदोबाला कोंडीत टाकलं. मग झालं असं, की पावसाने उघडीप दिली आणि जंगलात नाचणी उगवली. पेरली कुणी नव्हती. कोठाराच्या मागच्या भिंतीतल्या एका भोकापासून निघून, ओढा ओलांडून, टेकडीला वळसा घालून, वराहरावांच्या अंगणापर्यंत नाचणीची हिरवीगार रांग उभी राहिली. पोती ओढताना सांडलेल्या दाण्यांनी आपला धर्म पाळला होता. जनावरं त्या रांगेवरून चालत गेली आणि वराहरावांच्या तळघरापाशी पोचली. खुणेची पाटी लावायची गरजच नव्हती.

वराहराव वडाखाली उभे राहिले. त्यांनी सोंडेसारखं नाक वर केलं आणि हुंदका दिला.

"बंधूंनो, मातांनो! कोठारात शिरलो तेव्हा मी मी नव्हतो! मला आवाज ऐकू यायचे. नाचणी म्हणायची, वराहराव, मला इथे सुरक्षित वाटत नाही, मला तुमच्याकडे न्या! मी कसा नाही म्हणू? माझं काळीज लोण्याचं!"

"शुद्धीवर होतात का?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"छे, छे! अजिबात नव्हतो. आजही फारसा नाही."

खवलोबांनी या वेळी शेपूट पंजाखाली दाबून धरलं होतं. "महाराज, भान नसलेलं जनावर पोती ओढण्याआधी पहारेकऱ्याला सुटीवर पाठवत नाही. भिंतीला मागच्या बाजूने भोक पाडत नाही."

"स्वतःच्याच खात्याच्या पहारेकऱ्याला सुटीवर!" कोल्हा डोळे पुसत म्हणाला. "स्वतःच्याच कोठाराला भोक! याहून मोठं वेड ते कोणतं, वैद्यबुवा?"

बाहेर कार्यकर्त्यांनी घोषणा सुरू केल्या होत्या. "वराहराव वेडे आहेत, वेडेच राहतील!" "वेडा असो की शहाणा, वराहराव आपलाच म्हणा!" एवढा प्रचंड जनाधार असलेलं वेड न्यायमूर्तींनी पूर्वी पाहिलं नव्हतं. वराहरावांची वाजतगाजत गुहेत रवानगी झाली.

गुहेतला मध चांगला असतो ही बातमी मंत्रिमंडळात पसरायला वेळ लागला नाही. मग साथच आली. पाणवठामंत्री पाणमांजराने अख्खा डोह आपल्या मेव्हण्याच्या नावे करून दिला होता. त्याला आठवलं की तेव्हा आपल्याला घेरी आली होती. पायवाटमंत्री माकडाने तीच एक पायवाट पुनःपुन्हा बांधली होती. तो म्हणाला, हा विसरण्याचा आजार आहे, आमच्या घराण्यातच आहे. कोल्हा वकील कशात अडकला होता हे कुणाला ठाऊक नव्हतं, पण पुढे-मागे उपयोगी पडेल म्हणून तोही आजारी पडला. मंत्रिमंडळाच्या बैठका गुहेतच भरू लागल्या. वेड्यांनी राज्य करावं का, असा प्रश्न एका खारीने राजाला विचारला. राजा एक डोळा उघडून म्हणाला, "वेड्याला शिक्षा करू नये, एवढंच कायद्यात आहे. राज्य करू नये असं कुठे आहे?" आणि पुन्हा घोरू लागला.

खवलोबांचे खरे रोगी एकेक करून गुहेबाहेर काढण्यात आले. एक टिटवी होती, तिला आभाळ पडायची भीती होती. तिला सांगण्यात आलं की घरी जा, आभाळाचं सरकार बघेल.

इकडे कोंडीत सदोबा वाळत चालला होता. खवलोबा रोज कातळावरून खाली औषधाची मुळी टाकत आणि कडेला बसून बोलत. एके दिवशी त्यांनी लाज सोडून सांगितलं, "सदोबा, बाळा, मी न्यायमूर्तींना पुन्हा विचारायला लावतो. तू फक्त 'शुद्धीवर नव्हतो' म्हण. सगळे म्हणतात."

सदोबाने मान वर करून पाहिलं. "पण वैद्यबुवा, कोठारात खरंच काही नव्हतं ना?"

"नव्हतं."

"मग मी ऐकलं ते खोटं कसं म्हणू?"

आवाज खोटा होता आणि बातमी खरी होती. अशा रोगाला काय नाव द्यावं हे खवलोबांच्या गुरूंनी शिकवलं नव्हतं. त्यांना भडभडून आलं, आणि सरकारी शिपाई जवळपास नसतानाही ते जरा वेळ गुंडाळून बसले.

एवढ्यात निवडणूक जाहीर झाली. शुद्धीवर नसलेल्याला उभं राहता येत नाही, असा एक नियम कुणाच्या तरी नजरचुकीने कायद्यात राहून गेला होता. वडाखाली गुहेतले सारे रोगी रांगेने आले. मधाने अंगावर तेज चढलं होतं.

"शुद्धीवर आहात का?" न्यायमूर्तींनी विचारलं.

"आहोत!" सगळे एका सुरात म्हणाले. वराहरावांनी तर शुद्धीची शपथही घेऊन टाकली. बाहेर घोषणा बदलल्या होत्या : "वराहराव शहाणे आहेत, शहाणेच होते!"

तेव्हा खवलोबा पुढे झाले. कोळसुंदा शिपाई समोरच उभा होता. वैद्यबुवांचे खवले थरथरले, पण गुंडाळी झाली नाही. कोंडीतल्या त्या वाळलेल्या डोंगराची आठवण झाली आणि पाठीचा कणा आपोआप सरळ राहिला.

"न्यायमूर्ती, हे शुद्धीवर होते तर चोर आहेत. नव्हते तर रोगी आहेत. चोर म्हणून कोंडीत नाहीत, रोगी म्हणून गुहेत नाहीत. मग हे मधले कोण?"

"उमेदवार," न्यायमूर्ती म्हणाले.

"आणि सदोबा? जो खरा आजारी, तो कोंडीत! त्याने एक दाणा खाल्लेला नाही हे नाचणीने साऱ्या जंगलाला दाखवून दिलंय. गुहा आता रिकामी झाली. निदान आता तरी त्याला तिथे जाऊ द्या. तुमचं डोकं आत जाऊ द्यायचा नाही मी आज, हा इथेच उभा राहतो!" आणि खवलोबांनी खरोखरच आपला पंजा कवचाच्या तोंडाशी अडकवला.

सगळ्या जंगलाच्या देखत, डोकं बाहेर ठेवून, न्यायमूर्तींना निकाल द्यावा लागला. बरीच वर्षं तशी सवय नसल्याने त्यांचा आवाज चिरकला. "गुहेत जागा असेल तर गव्याला तिथे न्यावं."

कोंडीच्या तोंडाशी लावलेला धोंडा बाजूला सारून सदोबाला बाहेर काढलं. चालताना त्याचे पाय लटपटत होते. खवलोबा पुढे, सदोबा मागे, अशी जोडी झऱ्याकाठच्या वाटेला लागली. कुठे निजवायचं, पहिले आठ दिवस काय खायला द्यायचं, टिटवीलाही परत बोलवायचं, असं सगळं खवलोबा मनात ठरवत होते.

गुहा झाडूनपुसून लखलखीत केलेली होती. नवी गवताची गादी, मधाची ताजी पोळी. आत चिटपाखरू नव्हतं. दारात मात्र तोच कोळसुंदा पहाऱ्याला उभा होता.

"जागा नाही," तो म्हणाला.

"अरे, अख्खी रिकामी आहे की!" खवलोबा म्हणाले. "निवडणूक व्हायचीय अजून. कोण निवडून येणार हेसुद्धा कुणाला ठाऊक नाही!"

"ते खरंय, वैद्यबुवा," कोळसुंदा समजुतीच्या सुरात म्हणाला. "पण जो कोणी येईल, त्याला लागणारच ना."