हिरवळीतला टाकळा

खूप वर्षांपूर्वी टेकडीखालच्या एका बंगल्यापुढे मखमलीसारखी हिरवळ होती. खालच्या गावातल्या विहिरी आटल्या तरी तिला दोन वेळा पाणी मिळे. तिच्यासाठी तिथला टाकळा, आघाडा, माका असं सगळं रान उपटून टाकलं होतं.

एका धुकट सकाळी पिवळं फुलपाखरू तरंगत आलं.

"ताई, इथला टाकळा कुठं गेला? मला त्याच्या पानावर अंडी घालायचीत."

"इथं फक्त मीच असते," हिरवळ म्हणाली.

"एकटीच? करमतं तुला?"

हिरवळीने पाहिलं, दमलेलं फुलपाखरू तिच्या पात्यावर थरथरत होतं.

"चार दिवस थांबशील?" तिने विचारलं.

तिच्या मुळांत टाकळ्याचं एक बी निजलेलं होतं. तिने मुळं सैल केली आणि आपलं पाणी त्याला दिलं. चौथ्या दिवशी पानं उमलली. फुलपाखराने तिथं अंडं घातलं.

तेवढ्यात मालकीण कुमुदिनीबाई खुरपं घेऊन आल्या. "हे रान कुठून उगवलं?" म्हणत त्या वाकल्या. पानावर तांदळाच्या कणीएवढं अंडं होतं.

"अगंबाई, टाकळा! आई याची भाजी करायची," त्या पुटपुटल्या.

खुरपं बाजूला ठेवून त्या तिथंच मांडी घालून बसल्या. इतक्या वर्षांत हिरवळीवर माणूस बसण्याची ती पहिलीच वेळ होती.