कालजंघाने तोडलेलं सूत्र

एका राज्यात कुणाला काही सुचेनासं झालं. विहीर आटली, तर दुसरी खणावी हे सुचेना. भिंत ढासळली, तर गवंडी हातात थापी घेऊन तिच्यासमोर उभा राही आणि दिवस मावळला की तसाच घरी जाई. नव्याने जन्मलेल्या लेकरांना नावं सुचेनात. सगळी नुसतीच 'बाळ' राहिली.

त्या राज्याचा राजा वीरकेतू. तो दुष्ट नव्हता, पण त्याला हसण्याची सवय होती. कालजंघ नावाचा एक मांत्रिक त्याच्या दरबारात काही विचारायला आला होता. अंगावर घुबडाची पिसं, एका पायात वहाण, दुसरा अनवाणी. त्याला पाहून दरबार हसला, राजाही हसला. त्याचा प्रश्न कुणी ऐकूनच घेतला नाही. कालजंघाने हवेत हात फिरवला. काहीतरी तटकन तुटलं. मग तो उत्तरेला निघून गेला.

राज्याच्या सीमेबाहेर एका उघड्या टेकडीवर चारुमती नावाची विदुषी एकटीच राहत होती. तिलाही याच दरबाराने हसून घालवलं होतं. तिचा सिद्धांत असा होता की, जगं अनेक आहेत, कांद्याच्या पापुद्र्यांसारखी एकमेकांना लागून. दर जगात आपल्यासारखं कुणीतरी आहे. विचार एकट्या डोक्यात कधीच उगवत नाही. त्या सगळ्यांना तो मिळून सुचतो, कारण सगळ्या जगांमधून एक सूत्र ओवलेलं आहे. पुरावा मात्र तिच्यापाशी नव्हता. काही सुचलं की पलीकडे कुणीतरी मान डोलावली, असं तिला वाटे. तेवढीच तिला सोबत होती.

वीरकेतूला तिचा तो सिद्धांत आठवला आणि तो पायी तिच्या टेकडीकडे निघाला. राज्याची सीमा ओलांडताच त्याला कित्येक दिवसांनी एक गोष्ट सुचली. माफी मागावी.

"चारुमती, मी तुला हसलो होतो."

"होय, महाराज."

"तुझं सूत्र खरं असेल, तर कालजंघ मांत्रिक ते माझ्या राज्यापुरतं तोडून उत्तरेला गेला आहे. जोडता येईल?"

"ज्याने तोडलं त्यालाच विचारायला हवं."

चारुमतीने दार ओढून घेतलं आणि उत्तरेची वाट धरली. माळावर एक टिटवी भेटली. ती म्हणाली, "काही मागायला येणाऱ्याला कालजंघ तीन कामं सांगतो. दोन पुष्कळांनी केली. तिसऱ्याला सगळे हरले."

"हरले त्यांचं काय झालं?"

"काही नाही. परत गेले. तो तिथेच राहिला."

डोंगराच्या पोटात कालजंघाची गुहा होती. तुटलेलं सूत्र त्याने आपल्या मनगटाला गुंडाळलं होतं. ते चांदण्याच्या रंगाचं होतं.

"सूत्र हवं?" कालजंघ म्हणाला. "आधी आरशाच्या तळ्याचं पाणी आण."

त्या तळ्यात पाहणाऱ्याला इतर जगांतली आपली रूपं दिसत. चारुमती कलश घेऊन वाकली. एका जगात ती लेकीची वेणी घालत होती. एका जगात भरल्या सभेत बोलत होती आणि लोक ऐकत होते. एका जगात ती नव्हतीच; तिच्या जागी गवत हलत होतं. "ये," वेणी घालणारी म्हणाली, "इथे जागा आहे." चारुमतीचे डोळे भरून आले. तिने कलश बुडवला, तशी सगळी रूपं लाटांत मोडली.

"आता शापित विवरातून रिकामी डबी आण," कालजंघ म्हणाला.

विवरात रत्नांच्या राशी होत्या आणि रत्नं बोलत होती. एक माणिक म्हणालं, "तुझा सिद्धांत सिद्ध करणारं गणित माझ्यापाशी आहे. मला उचल. दरबार तुझे पाय धरेल." चारुमतीचा हात पुढे गेला. इतक्यात तिच्यामागून आलेली टिटवी बाहेरून ओरडली, "जो उचलतो तो आपलं नाव विसरतो!" चारुमतीने हात मागे घेतला, कोपऱ्यातली रिकामी डबी घेतली आणि मागे न पाहता बाहेर पडली.

कालजंघाने डबी कोनाड्यातल्या तशाच डब्यांशेजारी ठेवली, कलशातलं पाणी परातीत ओतलं आणि वाकून पाहिलं. चारुमतीने बाजूला उभं राहून पाहिलं. त्याच्यासमोरच्या पाण्यात नुसतं गुहेचं छत दिसत होतं. दुसरं काही नव्हतं.

"मी एकाच जगात आहे," तो म्हणाला. "मला जे सुचतं ते माझ्याबरोबर कुणालाच सुचत नाही. दरबारात मी एवढंच विचारायला आलो होतो, की असं का?"

"याचं उत्तर मला ठाऊक नाही," चारुमती म्हणाली.

"मग तिसरं काम ऐक. माझ्या मनात जे येईल ते त्याच क्षणी माझ्याबरोबर बोलून दाखव. एकदाच."

चारुमतीने डोळे मिटले. मनात शोध शोध शोधलं. पुष्कळ वेळाने ती उठली.

"नाही जमत. मी निघते."

ती गुहेच्या तोंडाशी पोचली. मागे काहीच आवाज नव्हता. ती शांतता कसली, हे तिला ठाऊक होतं. मीठ विकणारा लमाण टेकडीवर येई, पाणी पिऊन उठे, तेव्हा ती अशीच गप्प बसे. ओठांवर आलेले शब्द बाहेर पडेपर्यंत त्याचे बैल उतरणीला लागत. चारुमती वळली.

"अजून थोडा वेळ," ती म्हणाली.

"अजून थोडा वेळ," कालजंघ म्हणाला.

दोन्ही आवाज एकदम उमटले आणि गुहेत मिसळून गेले. कालजंघ तिच्याकडे बघतच राहिला. मग तो खाली बसला आणि लहान मुलासारखा रडला. रडता रडता त्याने मनगटावरचं सूत्र सोडायला घेतलं. गाठी घट्ट बसल्या होत्या. चारुमती शेजारी बसून एकेक गाठ सोडवू लागली. शेवटचा पीळ सुटला तसं सूत्र हवेत वर गेलं, ताणलं गेलं आणि दिसेनासं झालं.

त्याच घटकेला राज्यात गवंड्याने पहिला दगड बसवला. लोक कुदळी घेऊन ओढ्याकाठी पाणी शोधू लागले. गावोगाव बारशी झाली. वीरकेतूने पालखी पाठवून चारुमतीला दरबारात मानाचं आसन दिलं. तिचा सिद्धांत तरुण पंडित शिकू लागले, त्यावर भांडू लागले. पुढे कुणी अनोळखी माणूस दारी आला, की राजा आधी त्याचा प्रश्न ऐकून घेई.

थंडी पडू लागली तशी चारुमतीने राजाची रजा घेतली. खांद्यावर दोन घोंगड्या आणि ज्वारीच्या पिठाची पिशवी टाकून ती उत्तरेला निघाली. टिटवी पुढे उडत होती.

ती गुहेत शिरली, तेव्हा कालजंघाने चुलीवर दोघांपुरतं आधण ठेवलेलं होतं.