जैसे थे

मुलांनो, आणि मुलांच्या आडून ऐकणाऱ्या मोठ्यांनो, ही गोष्ट फार जुनी, नद्यांवर पूल नव्हते त्या काळातली.

एका नदीकाठी एक नावाडी राहायचा. राजाच्या खजिन्यातून कर्ज काढून त्याने सागवानी होडी बांधली होती. होडी कसली, त्याचा जीवच तो! पण एका वर्षी पुरामुळे उतारू थांबले, हप्ते थकले. मग खजिन्याची माणसं आली, आधी सांगावाही न धाडता होडी काठावर ओढली आणि तिच्यावर जप्तीची मोहोर मारून गेली.

नावाड्याचं डोकंच फिरलं. "ही काय मोगलाई आहे?" म्हणत तो तडक न्यायसभेत गेला. त्याचं काही खोटं नव्हतं. सांगावा न धाडता जप्ती करायची नाही, हा राजाचाच कायदा होता. न्यायाधीशांनी ऐकून घेतलं आणि हुकूम दिला, "निकाल लागेपर्यंत जैसे थे. होडीला खजिन्याने हात लावायचा नाही, आणि नावाड्यानेही नाही."

बाहेर म्हातारा खजिनदार त्याच्याजवळ आला. "चूक आमच्या माणसांची झाली, बाबा. आपण मिटवून टाकू. होडी आजच घेऊन जा, रोजच्या कमाईतलं थोडं थोडं देत राहा."

"आत्ता आलात होय ताळ्यावर!" नावाडी हसला. "आता निकालच घेणार. भर सभेत तुम्हाला नाक घासायला लावीन."

तारखांवर तारखा पडत गेल्या. कधी न्यायाधीश आजारी, कधी साक्षीदार परगावी. येताजाता नावाडी होडीकडे लांबूनच बघायचा. हुकूम होता ना! आणि त्या हुकुमाची त्याला ऐट तरी केवढी!

उन्हाळा आला. काठावरचं म्हातारं कासव एके दिवशी म्हणालं, "अरे, लाकूड तडकायला लागलंय. अजून वेळ आहे, खजिनदाराकडे जा."

"गप बस! जैसे थे आहे, जैसे थे!"

"ते माणसांना," कासव म्हणालं. "उन्हाला कुणी सांगितलंय?"

नावाडी दोन पावलं खजिन्याच्या वाटेला वळला. पण एवढं भांडून आता खजिनदाराची पायरी चढायची? लोक शेण घालतील तोंडात! तो मान फिरवून घरी गेला.

पुढच्या उन्हाळ्यात निकाल लागला. जप्ती बेकायदा, होडी नावाड्याची. "कर्ज मात्र फेडावं लागेल," न्यायाधीश म्हणाले, पण तोवर गावकऱ्यांनी त्याला खांद्यावर घेतलं होतं.

वाजतगाजत होडी पाण्यात लोटली. गळ्यात हार घालून नावाड्याने वल्हं मारलं. काठ जरा मागे पडला नाही तोच पायांना पाणी लागलं. फटीफटीतून नदी आत येत होती. तो ओंजळीने पाणी उपसत राहिला, "थांब गं बाई, थांब!" म्हणत राहिला. होडी तळाला गेली. लोकांनी त्याला कसंबसं बाहेर ओढलं. ढोल केव्हाच थांबले होते.

हाती निकाल राहिला आणि डोक्यावर कर्ज. त्यानंतर तो जन्मभर दुसऱ्याच्या होडीत मजुरीने वल्हं मारत होता, आणि मजुरीतला मोठा वाटा खजिन्यात जात होता. नदीतली ती जागा आली की तो डोळे मिटून घ्यायचा.

तात्पर्य: ज्या वस्तूसाठी भांडायचं, ती भांडण संपेपर्यंत टिकेल का, हे आधी बघावं.