एका वर्षाच्या दोन फरश्या

एकदा एक वृद्ध फरशी-मिस्त्री आपल्या शिष्याच्या नव्या घरात आले. त्यांनी दाराशी दोन फरश्या बसवल्या, थापी धुतली आणि ते परत जायला निघाले.

स्वयंपाकघर आणि मोरी सोडली, तरी त्या घरात एकशे वीस फरश्या बसणार होत्या. सिमेंट-वाळूचा माल कालवलेला होता, फरश्यांची खोकी भिंतीशी रचलेली होती, दोरी ताणून बांधलेली होती. शिष्य बघतच राहिला.

या शिष्याचे नाव हणमंत. वय चौतीस. अठरा वर्षांपूर्वी तो मिस्त्रींच्या हाताखाली माल कालवायला लागला. आता त्याच्याच हाताखाली बारा जण काम करत होते. मिस्त्रींना सगळे अण्णा म्हणत. ज्या इमारतीत हे घर होते, तिच्या सगळ्या फरश्यांचे काम हणमंतानेच घेतले होते. बिल्डरने त्याचे आठ लाखांचे बिल दीड वर्ष थकवले आणि एके दिवशी मोठ्या मनाने सांगितले, "पैसे काय मागतोस? फ्लॅट घे. अडतीस लाखांचा आहे. तुझे आठ वळते करतो, तीस बँक देईल." माणसाचे थकवलेले पैसे त्यालाच बयाणा म्हणून विकायचे, ही विद्या कुठल्याच महाविद्यालयात शिकवत नाहीत, पण तिच्यात पारंगत झालेले लोक प्रत्येक शहरात दोन-दोन गाड्या बाळगून असतात.

बँकेने कर्ज मंजूर केले. सह्या गुरुवारी व्हायच्या होत्या. घरचाच ठेकेदार म्हणून बिल्डरने किल्ली आधीच दिली होती. या धंद्यात असा रिवाज आहे की कारागीर जन्मभर दुसऱ्यांच्या घरात फरश्या बसवतो, पण स्वतःच्या घरात त्याने थापीला हात लावायचा नसतो. ज्याने काम शिकवले, त्याने येऊन बसवायच्या. म्हणून सोमवारी सकाळी अण्णांना बोलावले होते. हणमंताची बायको सुवर्णा नारळ, हळदकुंकू आणि चहाचा थर्मास घेऊन आली होती.

"अण्णा, अहो चहा तरी घ्या," ती म्हणाली. "मग सावकाश लागा कामाला."

"काम झालं."

"काय झालं?" हणमंत हसला. "एकशे अठरा राहिल्यात अजून. वयानं मोजायचं विसरलात काय?"

"मी नाही विसरलो. त्या एकशे अठरा तुझ्या नाहीत. परक्याच्या घरात त्याला न विचारता मी फरशी बसवत नाही."

सुवर्णाचा चेहरा उतरला. "अण्णा, शुभ कामात नाट लावू नका हो. दहा बाय दहाच्या खोलीत अकरा वर्षं काढली. दोन लेकरं, सासूबाई. आता कुठं चार भिंती दिसायला लागल्यात."

एका हाताने भिंत धरून, दुसऱ्याने गुडघा दाबत अण्णा फरश्यांच्या खोक्यावर बसले. एकसष्टाव्या वर्षीही त्यांना रोज कामावर जावे लागे, आणि ते का जातात हे हणमंताने कधी विचारले नव्हते. त्याला वाटे, म्हाताऱ्याला हौस आहे.

"बँकेनं कागद दिले असतील," अण्णा म्हणाले.

हणमंताने पिशवीतून फाइल काढली. "हे काय. मंजुरी झाली."

"वाचलेस?"

"वाचले की. सत्तावीस हजार नऊशे चौसष्ट हप्ता. बसतोय आपल्याला."

"बसतोय! आणि पुढची पानं?"

"पुढं नुसते आकडे आहेत. सगळं इंग्रजीत."

"ओळंबा काय मराठीत लोंबतो का रे गाढवा? आकड्याला भाषा नसते. पहिली ओळ वाच. मोठ्यानं."

हणमंताने वाचली. हप्ता सत्तावीस हजार नऊशे चौसष्ट. त्यात व्याज तेवीस हजार सातशे पन्नास. मुद्दल चार हजार दोनशे चौदा.

तो थांबला. पुन्हा वाचली.

"आता पहिल्या बारा ओळींतल्या मुद्दलाची बेरीज कर," अण्णा म्हणाले आणि त्यांनी कानामागची पेन्सिल काढून दिली. हणमंताने खोक्याच्या पुठ्ठ्यावर बेरीज मांडली. बावन्न हजार आठशे आली.

"वर्षभरात बँकेत भरणार किती?"

"तीन लाख पस्तीस हजार."

"आणि घराचे फिटणार बावन्न हजार. तुझ्या आठ लाखांत स्वयंपाकघर आणि मोरी आली, असं धर. ती तुझी. उरलेल्या एकशे वीस फरश्या तीस लाखांच्या. एक फरशी केवढ्याला?"

"पंचवीस हजार."

"मग बावन्न हजारांत किती?"

हणमंताने दाराशी पाहिले. "दोन," तो म्हणाला.

"पाच वर्षांनी?"

त्याने पान उलटले, पुठ्ठ्यावर भागाकार केला. "तेरा."

"दहा वर्षांनी? निम्मी मुदत संपली, बरं का."

"तेहतीस... चौतीस धरा."

"म्हणजे दहा वर्षं हप्ता भरून हॉलसुद्धा पुरता तुझा नाही. सगळ्या ओळींची बेरीज शेवटच्या पानावर छापली आहे. तीस घेतलेस, सदुसष्ट देणार आहेस."

आता सुवर्णा पुढे झाली. तिला हे सगळे भांडणासारखे वाटत होते, आणि भांडणात ती मागे हटणारी नव्हती. "पण अण्णा, भाडं तरी जातंच ना? नऊ हजार जातात महिन्याला. ते कुठं परत मिळतात?"

"नाही मिळत, पोरी. खरं आहे. पण पहिल्या महिन्याला इथं पावणेचोवीस हजार जाणार आहेत. तेही भाडंच. खोलीच्या भाड्याऐवजी पैशाचं भाडं, एवढाच फरक."

"मग काय लोकांनी घरं घ्यायचीच नाहीत? सगळी दुनिया घेते ती वेडी?"

अण्णांनी थर्मासमधला चहा स्वतःच ओतून घेतला. मग ते जे बोलले, ते हणमंताने अठरा वर्षांत कधी ऐकले नव्हते.

"एकेचाळिसाव्या वर्षी मी सहा लाख घेतले. पंधरा वर्षांसाठी. छप्पन्नाव्या वर्षी सुटणार होतो. मीही एकच प्रश्न विचारला होता, हप्ता किती? पाच हजार सातशे. बसत होता. दोन वर्षांनी व्याज आठाचं अकरा टक्के झालं. बँकेचं पत्र आलं. शेजारच्या मास्तरांकडून वाचून घेतलं. ते म्हणाले, हप्ता वाढला नाही. मी पत्र गणपतीच्या फोटोमागं ठेवलं आणि घरात जिलबी आणली. हप्ता वाढला नाही म्हणून. पंधरा वर्षांनी कागद सोडवायला पेढे घेऊन गेलो. बँकेतल्या बाई म्हणाल्या, आजोबा, अजून सात वर्षं आहेत. हप्ता वाढला नव्हता, मुदत वाढली होती. त्या पत्रात तेही लिहिलेलं होतं, खाली, बारीक अक्षरात. पेढे तिथंच शिपायाला दिले. अजून दोन वर्षं राहिलीत.

"बिल्डरनं तुला फ्लॅटची किंमत सांगितली. बँकेनं महिन्याची सांगितली. घराची किंमत तुला कुणी सांगितली नाही, आणि तू विचारली नाहीस. बँकेनं तुझे तीन वर्षांचे रिटर्न मागितले, पॅन कार्ड मागितलं, जामीनदार मागितला. तुझे गुडघे आणखी किती वर्षं वाकतील, हे विचारलं? आपल्या धंद्यात पन्नाशीला माणूस उकिडवा बसू शकत नाही. हा कागद चोपन्नाव्या वर्षापर्यंत आहे, आणि तोसुद्धा व्याज एका पैशानं वाढलं नाही तर. घर घेऊ नको असं मी म्हणत नाही. आपलं शरीर जितकी वर्षं देईल, तितक्या वर्षांचं घे. बाकीच्या फरश्या बसवायला मी यायला तयार आहे. पण त्या कुणाच्या आहेत, ते आधी मला सांग."

एवढे बोलून ते गेले. जिना उतरताना त्यांचा पाय प्रत्येक पायरीवर थांबत होता. वरच्या मजल्यापर्यंत ते ऐकू येत होते.

मंगळवारी हणमंत बिल्डरकडे गेला. इमारतीच्या मागच्या अंगाला एका खोलीचा, बावीस लाखांचा फ्लॅट रिकामा होता. माझे आठ लाख त्यात वळते करा, चौदाच लाख कर्ज काढतो, असे त्याने सांगितले.

"लहान फ्लॅटवर वळतं करत नाही," बिल्डर म्हणाला. "ते फ्लॅट रोखीत जातात."

"मग माझं बिल रोख द्या साहेब. काम तर झालंय."

"देणारच की. कुणी नाही म्हटलंय? दिवाळीनंतर बघू." आणि दिवाळी नुकतीच होऊन गेली होती. "हणमंता, लोक तिथं रांग लावून उभे आहेत. तुला घरातला समजून देतोय. बाहेर कुणाला सांगून बघ, हसतील."

त्या रात्री नवराबायको फाइल पुढ्यात घेऊन बसले. सही केली तर आठ लाख वाचत होते आणि पुढची वीस वर्षे जात होती. सही नाही केली तर आठ लाख बिल्डरच्या मर्जीवर राहत होते, म्हणजे गेल्यातच जमा होते. सुवर्णाने शेवटी एवढेच विचारले, "अण्णांचं आकडेमोडीत काही चुकलं असेल का हो?" त्याने दोनदा करून पाहिली होती. चुकले नव्हते.

गुरुवारी तो बँकेत गेला. अधिकारी तरुण होता, नम्र होता. त्याने कागदांचा गठ्ठा पुढे सरकवला. सह्यांच्या जागी पिवळ्या चिठ्ठ्या लावलेल्या होत्या, म्हणजे वाचायचा त्रास नको.

"साहेब, व्याज एक टक्का वाढलं तर?"

"हप्ता तोच राहतो. काळजी करू नका."

"आणि मुदत?"

अधिकाऱ्याने संगणकावर आकडे टाकले. "तीनशे वीस महिने दाखवतंय."

"म्हणजे वीसची साडेसव्वीस वर्षं. तेव्हा माझी परत सही घ्याल?"

"सही कशाला? मेसेज येतो. हप्ता वाढवायचा असेल तर तुम्ही कळवायचं. काही कळवलं नाहीत, तर मुदत आपोआप वाढते."

हणमंताने मनात वय मोजले. साठ आणि वर काही महिने.

"एक शेवटचं. याच हप्त्यात चौदा लाख किती दिवसांत फिटले असते?"

अधिकाऱ्याने पुन्हा आकडे टाकले आणि पडद्याकडे जरा जास्तच वेळ पाहिले. "चौसष्ट महिने," तो म्हणाला. "साडेपाच वर्षंसुद्धा नाहीत." मग आवाज खाली आणून म्हणाला, "असं कुणी विचारत नाही हो इथं."

हणमंताने पेन टेबलावर ठेवले.

"सर, प्रोसेसिंग फी परत मिळत नाही," अधिकारी घाईने म्हणाला.

"माहिती आहे. आठ लाखही मिळत नाहीत."

तो उठला तशी मागे थांबलेली एक जोडी पुढे येऊन बसली. मुलगा पंचविशी-सव्विशीचा असेल. मुलीच्या हातात मिठाईचा पुडा होता आणि हातावरची मेंदी अजून पुरती गेली नव्हती. अधिकाऱ्याने त्यांचा गठ्ठा पुढे केला आणि मुलगा पिवळ्या चिठ्ठ्यांमागून भराभर सह्या करू लागला. मुलगी पाने उलटून देत होती. दोघांचा सराव असल्यासारखा छान ताल जमला होता.

हणमंत दारापर्यंत गेला आणि परत फिरला.

"भाऊ, ओळख नाही आपली," तो म्हणाला. "पण सह्या करायच्या आधी मागचं पान बघा. व्याजाचा रकाना बघा फक्त. आणि शेवटचा हप्ता कधीचा, ते यांच्याकडून लिहून घ्या."

मुलाने मान वर केली. तो रागावला नाही. हसला, आणि शहाण्या माणसाने भोळ्या माणसाला समजवावे तशा आवाजात म्हणाला, "काका, बघितलंय सगळं. हप्ता बसतोय आपल्याला."

आणि त्याने पुढची सही केली. मुलीने हणमंतापुढे पुडा धरला. "घ्या ना," ती म्हणाली. त्याने एक पेढा घेतला, कारण नाही म्हणणे वाईट दिसले असते.

बाहेर रस्त्यावर ऊन होते. हातातला पेढा तसाच धरून तो बराच वेळ उभा राहिला. बँकेत पेढे देऊन आल्यापासूनच्या पाच वर्षांत अण्णांनी शंभरभर तरी घरांत फरश्या बसवल्या असतील. त्यांतल्या कुणालाच त्यांनी हे का सांगितले नाही, असा राग सोमवारपासून त्याच्या मनात होता. तो राग आता गेला. अण्णांनी सांगितले असणार. प्रत्येक घरात सांगितले असणार, आणि प्रत्येक घरात त्यांना पेढा मिळाला असणार.